दरड त्या दिवशीचा पाऊस बघून कोसळत नाही

महोदय,

पावसाळा स्थिरावला की जिल्हाधिकारी कार्यालयांतून गड, धबधबे आणि धरणक्षेत्रात जाण्यास मनाई करणारे आदेश निघू लागतात. पूर्वी ते कलम १४४ खाली निघत, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ खाली निघतात. मजकूर जवळपास तोच. रेड अलर्ट उतरून यलो झाला किंवा आदेशाची मुदत संपली की त्याच शनिवारी रात्री पुण्या-मुंबईहून बस भरून सुटतात. ट्रेक नेणारे आणि जाणारे, दोघेही ‘उद्या पाऊस आहे का’ एवढेच पाहतात. रेनकोट घ्यायचा की नाही, हे ठरवायला हा प्रश्न पुरेसा आहे. दरडीसाठी विचारायला हवे ते वेगळेच: गेल्या तीन-चार दिवसांत या डोंगरात किती पाणी मुरले, आणि आपली वाट डोंगराच्या नेमक्या कुठल्या भागातून जाते?

सह्याद्री म्हणजे साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचे एकावर एक बसलेले थर. हे थर एकसारखे नाहीत. टणक बेसाल्टचा थर उभा कडा होऊन राहतो. सच्छिद्र, पांढऱ्या खनिजांनी भरलेल्या पोकळ्यांचा थर लवकर झिजतो आणि त्याचा उतार होतो. माच्या आणि पदर, म्हणजे कड्यांमधल्या सपाट पायऱ्या, बहुतेक अशाच थरांवर दिसतात. दोन थरांच्या मध्ये पुष्कळ ठिकाणी विटकरी रंगाच्या मातकट दगडाचा पट्टा असतो, त्याला भूशास्त्रात रेड बोल म्हणतात. टणक थराच्या उभ्या भेगांतून पाणी खाली उतरते, या पट्ट्यापाशी अडते आणि आडवे सरकू लागते. कड्याच्या पोटात अचानक ओली रेघ किंवा झरा दिसतो तो बहुधा याच पातळीवर. भेगेत १० मीटर उंच पाणी साचले, तर तळाशी त्याचा दाब दर चौरस मीटरला जवळपास १० टन होतो. पाऊस थांबला म्हणून ही भेग तासाभरात रिकामी होत नाही. लख्ख उघडीप असताना कड्याचा तुकडा सुटतो, त्यामागे हेच कारण असते.

कड्याखालच्या उताराची गोष्ट आणखी नाजूक. तिथे माती, मुरूम आणि गोट्यांचा काही मीटर जाडीचा थर कातळावर नुसता टेकलेला असतो. एका हेक्टरवर ३०० मिलिमीटर पाऊस पडला, म्हणजे ३,००० टन पाणी ओतले गेले. त्यातले बरेच वाहून जाते, पण मुरलेले पाणी मातीचे वजन वाढवते आणि त्याच वेळी माती व कातळ यांच्यातली पकड कमी करते. हा थर निसटला की चिखल-दगडांचा लोट होऊन ओढ्याच्या वाटेने खाली येतो.

पुणे जिल्ह्यातल्या माळीण गावावर डोंगर आला तो ३० जुलै २०१४ च्या सकाळी, १५१ माणसे गेली. महाड तालुक्यातल्या तळिये गावात २२ जुलै २०२१ रोजी ८० हून अधिक. त्याच २२-२३ जुलैला महाबळेश्वरला २४ तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. इर्शाळवाडीवर १९ जुलै २०२३ च्या रात्री दरड कोसळली. २७ मृतदेह हाती लागले, ५७ जण बेपत्ताच राहिले. ही वाडी इर्शाळगडाच्या नेहमीच्या वाटेवरची, ट्रेकर चहा-नाश्त्याला थांबत ती. दरडप्रवण गावांच्या सरकारी यादीत तिचे नाव नव्हते. म्हणून ‘यादीत नाही, म्हणजे धोका नाही’ असे म्हणणाऱ्या आयोजकांना विचारावेसे वाटते की ती यादी तुमच्या रात्रीच्या मुक्कामाची जागा पाहून केली होती का?

आता मुरलेल्या पावसाचा हिशोब. हवामान खाते २४ तासांत ६४.५ ते ११५.५ मिलिमीटर पावसाला ‘जोरदार’, ११५.६ ते २०४.४ ला ‘अति जोरदार’ आणि त्यावर ‘अत्यंत जोरदार’ म्हणते. ही आकडेवारी सकाळी साडेआठला संपणाऱ्या २४ तासांची असते. म्हणजे शनिवारी दुपारी तुम्ही जो आकडा वाचता त्यात शुक्रवार सकाळपासूनचा पाऊस असतो आणि शनिवारी सकाळपासून पडलेला नसतो. कृषी विभागाच्या ‘महारेन’ संकेतस्थळावर मंडळनिहाय (महसूल मंडळ म्हणजे तालुक्यातला गावांचा गट) आकडे मिळतात, तिथून मागच्या तीन दिवसांची बेरीज करायला पाच मिनिटे लागतात. एक गोम मात्र आहे. मंडळाचे पर्जन्यमापक बहुधा गावात, खालच्या सपाटीला असतात आणि घाटमाथ्यावर त्याच दिवशी दुप्पट-तिप्पट पाऊस झालेला असू शकतो. त्यामुळे तालुक्याच्या गावाचा आकडा पाहून हायसे वाटून घेऊ नये. हवामान खाते पुणे, सातारा, कोल्हापूर या जिल्ह्यांच्या घाट भागासाठी वेगळा इशारा देते, तो पाहावा.

आमचा ठोकताळा असा आहे, आणि तो ठोकताळाच समजावा, शास्त्रीय मर्यादा नव्हे: तीन दिवसांची बेरीज २०० मिलिमीटरच्या वर गेली की नाळ (दोन कातळांमधली दगडांनी भरलेली उभी अरुंद वाट), घळ आणि कड्याखालून आडव्या जाणाऱ्या वाटा रद्द. धारेवरून, सोंडेवरून किंवा पठारावरून जाणारी वाट असेल तरच जावे. ३०० च्या वर गेली की डोंगरच रद्द, आकाश कितीही निळे असले तरी. त्यानंतर पूर्ण दोन दिवस उघडीप मिळाल्याशिवाय उभ्या उताराखाली मुक्काम नाही. पायथ्याच्या गावात ज्यांच्याकडे जेवणाची सोय असते त्यांना एक सरळ काठाचा स्टीलचा डबा अंगणात, छपरापासून आणि झाडापासून दूर ठेवायला सांगावे. रोज सकाळी त्यात पट्टी उभी धरून पाणी मोजायचे आणि डबा रिकामा करायचा. १० सेंटिमीटर पाणी म्हणजे १०० मिलिमीटर पाऊस. गणित करावे लागत नाही. फोनवर तीन दिवसांचे हे आकडे विचारले की शहरातल्या कुठल्याही ॲपपेक्षा खरे उत्तर मिळते. त्याच फोनवर आणखी तीन गोष्टी विचाराव्यात: झऱ्याचे पाणी गढूळ झाले आहे का, नेहमीच्या वाटेला किंवा शेताच्या बांधाला नवी भेग पडली आहे का, उतारावरची झाडे किंवा विजेचे खांब कलले आहेत का. एकाचे उत्तर ‘हो’ आले, तर बेरीज कितीही असो, बस सोडू नये. भेग कमानीसारखी, उताराच्या दिशेने वाकलेली असेल तर ट्रेकचा विषय तिथेच संपला; तहसीलदारांना कळवणे हे त्यापुढचे काम.

सर्वांत जास्त माणसे दगड लागून जखमी होतात ती नाळेत, आणि नाळेचे नियम फारच थोडे लोक पाळतात. हरिश्चंद्रगडाची नळीची वाट घ्या किंवा लिंगाण्याच्या बाजूची बोराट्याची नाळ: दोन्ही बाजूंना कातळ आणि तळाला दगडांचा खच. डोंगरावर सुटलेला प्रत्येक दगड शेवटी इथेच येतो, तो खच त्याचाच पुरावा. वरून माणसेच दगड पाडतात असे नाही; माकडे, गुरे आणि पहिल्या पावसाचा लोंढाही पाडतो. जूनच्या पहिल्या दोन-तीन सरी म्हणूनच वाईट: उन्हाळ्यात सुटे होऊन बसलेले दगड तेव्हा निघतात. ऑक्टोबरात माती सुकून आकसते, तेव्हा पुन्हा तेच.

नाळेत पंचवीस जणांची रांग नेणे म्हणजे खालच्या वीस जणांना वरच्या पाचांच्या पायांच्या भरवशावर सोडणे. सहा ते आठ जणांचे गट करावेत, प्रत्येक गटाला एक जाणकार. गटातली माणसे एकमेकांना हात लागेल इतकी जवळ हवीत, म्हणजे पुढच्याच्या पायाखालून निघालेला दगड वेग घेण्याआधी मागच्याच्या नडगीशी थांबतो. दहा-दहा मीटरचे अंतर सर्वांत घातक, कारण तेवढ्यात दगडाला उड्या मारायला जागा मिळते. दोन गटांमध्ये मात्र पूर्ण एका वळणाचे अंतर ठेवावे: पहिला गट कातळाच्या आडोशाला पोहोचून ‘या’ म्हणेपर्यंत दुसऱ्याने आपला आडोसा सोडायचा नाही. उतरताना हे दुप्पट काटेकोरपणे, कारण तेव्हा सगळ्यात थकलेली आणि अननुभवी माणसे मागे, म्हणजेच सगळ्यांच्या डोक्यावर असतात. फोटोसाठी आणि पाणी पिण्यासाठी नाळेच्या मध्यात थांबू नये. घसाऱ्यावर (सुट्या माती-दगडांच्या उतारावर) पंजा रोवून न चढता पूर्ण तळवा टेकावा. धरायचा खडक आधी तळहाताने ठोकून पाहावा: भरीव दगडाचा आवाज बारीक आणि कडक येतो, सुटलेल्याचा पोकळ. खाच नेहमी खालच्या दिशेने दाबून धरावी, स्वतःकडे ओढू नये. सच्छिद्र थरातली खाच दिसायला मोठी असते आणि हातात येते.

दगड सुटला की ज्याच्या हातून सुटला त्याने ‘दगड!’ असे ओरडायचे, खालच्या प्रत्येकाने ते पुढे पोहोचवायचे. नेमके कोणी वर बघू नये. दगड दूर आणि उंचावर असेल तर एक क्षण दिशा पाहून बाजूला सरकता येते, पण जवळ असेल तर कातळाला चिकटून खांदे आकसायचे, पाठीवरची पिशवी मानेवर ओढायची. आणि हेल्मेट. दुचाकीचे हेल्मेट रस्त्यावर पडताना होणाऱ्या आघातासाठी असते, त्यात वर पाहता येत नाही आणि ऐकूही नीट येत नाही. गिर्यारोहणाच्या हेल्मेटवर ‘ईएन १२४९२’ हा युरोपीय मानकाचा शिक्का पाहावा. त्या चाचणीत ५ किलोचे वजन २ मीटरवरून हेल्मेटवर टाकतात आणि डोक्यापर्यंत पोहोचणारे बल १० किलोन्यूटनच्या आत राहावे लागते; गिर्यारोहकांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची, यूआयएएची अट ८ किलोन्यूटनची, म्हणजे आणखी कडक आहे. तेवढीच ऊर्जा पाव किलोचा दगड ४० मीटरवरून पडला की त्याच्यात येते. सह्याद्रीतल्या नाळेच्या मानाने ४० मीटर काहीच नाहीत, म्हणून हेल्मेट घातले तरी गटाची शिस्त सोडता येत नाही. हनुवटीचा पट्टा सैल असेल तर पहिल्या दगडाने हेल्मेट उडते आणि दुसऱ्याला डोके उघडे सापडते. एकदा जोराचा दगड बसलेले हेल्मेट, तडा दिसो न दिसो, बदलायचे.

दोर लावणाऱ्यांसाठी एवढेच: तटबंदीच्या सुट्या दगडाला, बुरुजाच्या चिऱ्याला किंवा कोणी कधी ठोकलेल्या गंजक्या मेखेला दोर बांधू नये. सच्छिद्र थरात ठोकलेला बोल्ट ओढून पाहिल्याशिवाय विश्वास ठेवण्याजोगा नसतो. रॅपलिंगनंतर, म्हणजे दोरावरून कडा उतरून झाल्यावर, दोर ओढताना तो वरचे दगड घेऊन येतो. ओढणारा बाजूला आणि बाकीचे आडोशाला हवेत. धबधब्यातले रॅपलिंग भर पावसात विकले जाते, आणि पाण्याबरोबर येणारा दगड ना दिसतो ना ऐकू येतो. हा प्रकार जुलै-ऑगस्टमध्ये बंदच ठेवावा, असे आमचे स्पष्ट मत आहे.

मुक्कामाची जागा उजेडात निवडावी. बस रात्री दोनला पायथ्याशी आणि तंबू मोबाइलच्या उजेडात, ही पद्धत त्यासाठीच वाईट. कड्याखाली दगडांचा ढीग साचलेला असतो. त्या ढिगाचा माथा तुमच्या जागेपासून जितका उंच, त्याच्या दुप्पट तरी आडवे अंतर राखावे. बहुतेक सुटे दगड या अंतराच्या आत थांबतात. फोनमधल्या कोनमापकाने माथ्याकडे पाहिले तर कोन २७ अंशांपेक्षा कमी यायला हवा. आजूबाजूचे गोटे पाहावेत: जुन्या गोट्यावर दगडफूल आणि काळपट-तपकिरी रंग असतो, ताज्या तुटलेल्या बाजूला निळसर-करडा. ताजे गोटे दिसले तर जागा बदला. ओढ्याच्या मुखाशी पंख्यासारखी पसरलेली सपाट, गवताळ जमीन तंबूला फार मोहात पाडते. ती जमीन जुन्या लोटांनीच तयार केलेली असते आणि लोट दुप्पट अंतराचा नियम पाळत नाही. कोरीव गुहा आणि लेणी त्या मानाने बऱ्या, पण छतातून नवीन गळती सुरू झाली असेल किंवा जमिनीवर ताजे तुकडे पडले असतील तर तिथेही झोपू नये.

ओढा ओलांडताना गुडघ्याच्या वर वेगवान पाणी असेल तर थांबावे. सह्याद्रीतले ओढे लहान पाणलोटाचे असल्याने जितक्या झपाट्याने चढतात तितक्याच झपाट्याने उतरतात. दोन-तीन तास थांबणे हाच बहुतेक वेळा उपाय असतो. ओलांडायचेच असेल तर बूट घालून, पिशवीचे कमरेचे व छातीचे बक्कल सोडून, काठी प्रवाहाच्या वरच्या अंगाला टेकून. दोराने स्वतःला बांधून घेऊ नये: पाय निसटला की प्रवाह माणसाला खाली दाबतो आणि दोर त्याला तिथेच धरून ठेवतो. पाणी अचानक गढूळ झाले, पाला-काटक्या वाहू लागल्या किंवा घरघर ऐकू आली की काठ सोडून वर चढायचे. आणि भर पावसात पाणी एकाएकी कमी झाले तर आनंद मानू नये. वर कुठे तरी दरडीने ओढा अडला आहे आणि तो बांध फुटणार आहे, असा त्याचा अर्थ असू शकतो.

रस्त्यावरच्या धोक्याकडे ट्रेकर पाहतच नाहीत. ताम्हिणी, माळशेज, वरंध, आंबेनळी या घाटांतला रस्ता डोंगर कापून केलेला आहे आणि कापलेला उतार नैसर्गिक उतारापेक्षा उभा असतो. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर आडोशी बोगद्याजवळ २०१५ साली दरड आली, त्यानंतर तिथल्या कड्यांना जाळ्या लागल्या; बाकीच्या घाटांत बऱ्याच ठिकाणी त्या नाहीत. भज्यांची टपरी आणि बस लावायची जागा नेमकी अशा कापलेल्या भिंतीखाली असते. बस दरीच्या बाजूच्या मोकळ्या वळणावर, भिंतीपासून लांब लावावी. ट्रेक संपेपर्यंत चालक आत झोपलेला असतो, त्याचाही जीव हिशोबात धरावा.

दरड येताना दिसली तर उतारावरून खाली पळू नये, लोट माणसापेक्षा वेगात येतो. प्रवाहाच्या आडव्या दिशेला, जवळच्या सोंडेकडे जायचे. दरड थांबल्यावर लगेच मदतीला धावू नये: वरचा उघडा पडलेला भाग पुन्हा सुटण्याची शक्यता पहिल्या काही तासांत मोठी असते. एकाने शिट्टी घेऊन सुरक्षित उंचीवर उभे राहायचे आणि फक्त वरच्या जखमेकडे पाहायचे. तीन शिट्ट्या झाल्या की खालच्या सगळ्यांनी बाजूला व्हायचे. ढिगाऱ्यावर मोजकी माणसे, बाकीची बाहेर. ११२ वर फोन लागला तर गडाचे नाव पुरत नाही. पायथ्याचे गाव, वाटेचे नाव, फोनमधले अक्षांश-रेखांश, किती जण अडकले आणि पाऊस सुरू आहे का, हे सांगावे. रेंज नसेल तर दोघांनी मिळून, आल्या वाटेने नव्हे तर धारेवरून उतरावे. महाराष्ट्र माउंटेनियर्स रेस्क्यू कोऑर्डिनेशन सेंटरशी जोडलेल्या स्वयंसेवकांना वाटा माहीत असतात, पण तेही अशा पावसात कित्येक तासांनीच पोहोचू शकतात, हे गृहीत धरून चाला.

राज्याचे साहसी पर्यटन धोरण २०२१ मध्ये आले. नोंदणी करताना आयोजकाकडून प्रथमोपचार आणि साधनांची माहिती घेतली जाते, ती योग्यच आहे. त्यात दोन ओळींची भर पडावी: ट्रेकच्या आधीच्या तीन दिवसांचा मंडळनिहाय पाऊस लिहून ठेवणे, आणि किती पावसाला कोणती वाट रद्द होईल व पैसे परत मिळतील, हे सहभागींना आगाऊ कळवणे. पैसे परत देण्याची अट छापलेली असली की नेत्यावर ‘आलोच आहोत तर जाऊ’ असा दबाव येत नाही. बहुतेक चुकीचे निर्णय त्या एका वाक्याने होतात. जिल्हा प्रशासनानेही मनाई तारखेशी न बांधता पावसाच्या बेरजेशी बांधावी, आणि ती सरसकट गडावर न लावता नाळ, कड्याखालची वाट, धबधब्याचा तळ अशा जागांवर लावावी. सरसकट बंदीने पायथ्याच्या गावांची रोजी बुडते आणि धारेवरच्या बऱ्यापैकी सुरक्षित वाटाही बंद होतात. लोक मग चोरवाटेने जातात, आणि चोरवाटा बहुधा नाळेतूनच असतात.

आपल्या दैनिकाकडे एक मागणी. धरणांतला पाणीसाठा आपण रोज छापता. जून ते सप्टेंबर दर शुक्रवारी त्याच चौकटीत लोणावळा, ताम्हिणी, भीमाशंकर, माळशेज, महाबळेश्वर, महाड, कर्जत, इगतपुरी आणि आंबोली परिसराची मागच्या तीन दिवसांच्या पावसाची बेरीज छापावी. शनिवारी संध्याकाळी बस भरण्याआधी ती वाचली जाईल.

आपले,
सह्याद्रीत मोहिमा नेणारे काही प्रशिक्षक आणि भूशास्त्राचे अभ्यासक, पुणे